प्रतिमाबाईंनी लावलेलं पाद्र्याचं आख्यान

अमेरिकेत नातवंडं सांभाळायला येणाऱ्या आयांच्या दोन तऱ्हा असतात. एक येताना बॅगेत मेतकूट आणि लोणची कोंबून आणते आणि परत जाताना विमानतळावर गळा काढते. दुसरी येतानाच रडत येते. नागपूरच्या प्रतिमाबाई या दोन्हींत बसत नव्हत्या. २००६च्या सप्टेंबरात त्या नेपरव्हिलला मुलाकडे उतरल्या, त्या परतीची तारीख तोंडपाठ करूनच. मार्चमध्ये परत, चैत्रात रामनवमी, आणि रामनवमीला कारंज्याच्या राममंदिरात त्यांचं कीर्तन. मधल्या काळात पोळ्या, भाज्या, नातीची शी-शू जे काय असेल ते उरकू, असं त्यांनी मनाशी ठरवलं होतं.

आता हे कीर्तन म्हणजे काही हळदीकुंकवाचं बोलावणं नव्हतं. त्यांचे वडील त्याच देवळाचे हरिदास. लहानपणी प्रतिमा त्यांच्यामागे टाळ घेऊन उभी राहायची आणि सगळी आख्यानं तिला पाठ. पण एकदा तरी मला पुढे उभी राहू द्या म्हटलं की वडील म्हणायचे, "तू मागेच शोभतेस." मग लग्न झालं, नागपूरला मुलींच्या शाळेत इतिहास शिकवण्यात आयुष्य गेलं, आणि निवृत्त झाल्यावर बाईंनी रीतसर कीर्तनाचे वर्ग लावून देवळाच्या विश्वस्तांचा पिच्छा पुरवला. विश्वस्त दोन वर्षं "बघू" म्हणत होते. तिसऱ्या वर्षी नेहमीच्या बुवांचा आवाज बसला आणि विश्वस्तांच्या मनात एकाएकी स्त्रियांबद्दल आदर उत्पन्न झाला. देव असा अधूनमधून कामाला येतो.

बाईंचे यजमान राजारामपंत वीज मंडळातून निवृत्त झालेले. त्यांना अमेरिका सासुरवाडीसारखी मानवली होती. दिवसभर सोफ्यावर बसून टीव्हीवर दुसरं महायुद्ध बघायचं आणि जर्मनी हरली की जेवायला उठायचं. नागपूरच्या घराची त्यांना तिळमात्र काळजी नव्हती, कारण तिथे अहिल्या होती. अहिल्या म्हणजे त्यांची धाकटी बहीण, ऐन तारुण्यात नवरा गेला तेव्हा भावाकडे आली ती राहिलीच. "घर कोण बघतंय?" असं कोणी विचारलं की पंत म्हणायचे, "अहिल्या आहे ना." बाई शाळेत गेल्यावर मुलाला कोण सांभाळायचं? अहिल्या आहे ना. पाहुण्यांचा स्वयंपाक, सासूबाईंचं आजारपण, नळाला पाणी येण्याची वेळ? अहिल्या आहे ना. पंखा आहे, कपाट आहे, तशी अहिल्या आहे.

तर नेपरव्हिल. मुलगा यशोधन आणि सून ज्ञानदा दोघंही आयटीत. सकाळी तो शिकागोची ट्रेन पकडायला पळे आणि ती गाडी काढून शॉमबर्गच्या ऑफिसात. उरली साडेतीन वर्षांची शिवांगी. तिला कोपऱ्यावरच्या जुन्या चर्चच्या तळघरात सकाळी दोन तास नर्सरी असे. आजीनं तिला बाबागाडीत घालून न्यायचं आणि दोन तासांनी आणायचं. डिसेंबर आला, बर्फ पडला आणि मधे घरी जाऊन परत यायचं म्हणजे नाक गळून पडायची पाळी. म्हणून तिथेच थांबलेल्या आज्यांसाठी डॉरथी नावाच्या एका उंच म्हाताऱ्या बाईंनी वरच्या खोलीत इंग्रजी बोलण्याचा वर्ग सुरू केला होता. एक चिनी आजी, एक गुजराती बा आणि आपल्या बाई. चिनी आजी झोपायची, बा विणायच्या, त्यामुळे वर्ग म्हणजे बाईच होत्या.

त्या वर्षी चर्चला दीडशे वर्षं होत होती, म्हणून डॉरथीनं वाचायला काढली चर्चच्या पहिल्या पाद्र्याची प्रवचनं. रेव्हरंड एझ्रा व्हिटलॉक. गुलामगिरीच्या विरोधात बोलून बोलून त्यानं अर्धं गाव दुखावलं होतं. बाईंनी पहिलं प्रवचन वाचलं आणि कपाळाला हात लावला. विषय एवढा जळता आणि हा गृहस्थ निम्मा वेळ प्रस्तावनेतच अडकलेला.

"याला कोणी कीर्तन शिकवलं नव्हतं वाटतं," त्या डॉरथीला म्हणाल्या. "लोक झोपत नव्हते?"

"झोपायचे," डॉरथी म्हणाली. "एकदा तर कोणी तरी त्याच्या बोलायच्या ओट्यामागे स्कंक सोडला होता. तो प्राणी असा काही वास सोडतो की महिनाभर चर्च उघड्या मैदानात भरवावं लागलं."

"आणि याची बायको?"

"हॅना. पळून आलेल्या माणसांना तळघरात लपवायचे, त्यांचं जेवणखाण तीच करायची. तिला अकरा मुलं होती."

"म्हणजे हा वर स्वातंत्र्यावर बोलणार आणि ती खाली भाकऱ्या थापणार. हॅनाला कोणी विचारलं होतं का?"

डॉरथी इतकी हसली की चिनी आजी जागी झाली. त्या दिवसापासून दोघींचं चांगलंच जमलं.

पण पुढचं एक प्रवचन वाचलं आणि बाईंची थट्टा जागच्या जागी थांबली. त्यात हकीकत अशी. गुलामगिरी चालू असलेल्या मिसूरीतून पळालेला एक माणूस थंडीत पाद्र्याच्या गोठ्यात आला. त्याच्या मागावर निघालेले लोक रविवारी थेट चर्चमध्ये घुसले, सरकारी कागद घेऊन. जमलेल्या मंडळींत एक बडा शेतकरी होता. तो उठून म्हणाला की कायदा म्हणजे कायदा, आणि त्या लोकांचं तिकडे काही वाईट नसतं. पोटभर जेवायला मिळतं. पाद्री म्हणाला, "त्याला विचारलंत?" डोक्यावर छप्पर असतं. "त्याला विचारलंत?" मालक मायाळू आहे, घरच्यासारखं वागवतो. "त्याला विचारलंत?" मग पाद्र्यानं पुस्तक मिटून सांगितलं की स्वातंत्र्य तुम्ही त्याला दान देऊ शकत नाही, कारण ते तुमच्या मालकीचं कधी नव्हतंच. तुमचं कर्तव्य एवढंच की त्याच्या वाटेतून बाजूला व्हा. तो असं बोलत उभा राहिला तोवर हॅनानं मागच्या दारानं त्या माणसाला पुढच्या मुक्कामाला पोचवलं होतं. तो कॅनडाला पोचला.

"त्याचं नाव काय?" बाईंनी विचारलं.

डॉरथी म्हणाली, नाव कुठे लिहिलेलं नाही.

बाई चिडल्या. पाद्र्याचं नाव आहे, शेतकऱ्याचं आहे, अरे पाद्र्याच्या घोड्याचंसुद्धा नाव आहे. ज्याच्यापायी हे सगळं रामायण घडलं, त्याचंच तेवढं राहिलं. इतिहास शिकवताना त्या मुलींना हेच सांगत आल्या होत्या, पण इतकं अंगाला कधी झोंबलं नव्हतं.

आणि त्याच आठवड्यात घरी बॉम्ब पडला. जेवताना यशोधन सहज म्हणाला, "आई, तुमची तिकिटं सप्टेंबरपर्यंत पुढे ढकलली. स्टे एक्स्टेंड करायचा अर्ज टाकलाय, होऊन जाईल."

बाईंचा हात आमटीच्या वाटीत थांबला. "मला रामनवमीला जायचंय."

"अगं, रामनवमी काय, दरवर्षी येते. ज्ञानदाचा प्रोजेक्ट जूनमध्ये लाइव्ह जातोय. तिच्या आईचं गुडघ्याचं ऑपरेशन, त्या येऊ शकत नाहीत. आणि सही तूच केलीस की."

केली होती. पोळ्या लाटताना पोरानं फ्रिजवर कागद धरला आणि म्हणाला, इथे सही कर. बाईंनी पीठ लागलेल्या हातानं सही ठोकली. आयुष्यभर मुलींना "वाचल्याशिवाय सही करायची नाही" असं बजावणारी बाई, आणि मुलगा म्हणाला म्हणून डोळे मिटून मोकळी. आपल्याकडे पोराच्या हातचा कागद आया वाचत नाहीत. वाचला तर विश्वास नाही असा अर्थ होतो.

त्यांनी समोर पाहिलं. ज्ञानदाच्या डोळ्यांखाली काळं आलं होतं, ती एका हातानं शिवांगीला भरवत होती आणि दुसऱ्या हातानं ऑफिसचा मेसेज वाचत होती. या पोरीला काय सांगायचं? की मला देवळात उभं राहून टाळ वाजवायचाय? बाई गप्प बसल्या. राजारामपंत म्हणाले, "इथे काय कमी आहे? गरम पाणी चोवीस तास." आणि वाढलेला भात कालवायला लागले.

पुढचे दिवस बाईंना त्या पाद्र्यानं छळलं. कणीक मळताना, कपड्यांच्या घड्या करताना एकच ऐकू येई, विचारलंत? त्यांना स्वतःची लाजही वाटे. कुठे त्या माणसाच्या पाठीवरचे वळ, कुठे आपल्या पोळ्या. त्याला विकलं होतं, मारलं होतं. आपल्याला मुलानं हीटर लावून दिलाय. एका तोंडानं दोन्हींचं नाव घेणं म्हणजे चक्क निर्लज्जपणा, असं त्या स्वतःला खडसावत. पण प्रश्न काही हटेना. पोटभर जेवायला मिळतं. घरच्यासारखं, नव्हे, घरचंच. आणि विचारलं मात्र कोणीच नाही.

जानेवारीच्या शेवटच्या रविवारी शॉमबर्गला एका शाळेच्या सभागृहात मराठी मंडळाची संक्रांत होती. भारतातून यायचे ते गायक बर्फात न्यूयॉर्कलाच अडकले. मंडळाचा सेक्रेटरी विवेक घामाघूम होऊन फिरत होता, तेवढ्यात पंतांनी त्याला सांगितलं, "आमची ही कीर्तन करते." नवऱ्याच्या तोंडून त्या वर्षात आलेलं हे एकमेव उपयोगी वाक्य.

विवेक हात जोडून आला. "काकू, प्लीज यार, सॉरी, प्लीज. तास दीड तास मॅनेज करा."

बाईंनी पदर खोचला. पेटीला एक सॉफ्टवेअर आर्किटेक्ट मिळाला, टाळ आरतीच्या खोक्यातून निघाले, बुक्का नव्हता तर हळदीकुंकवातल्या कुंकवावर भागवलं. पायात यशोधनचे लोकरी मोजे तसेच. पूर्वरंग त्यांनी थोडक्यात आटोपला. मध्यंतरी ज्ञानदानं त्यांच्या गळ्यात प्लॅस्टिकच्या झेंडूची माळ घातली. आता आख्यान. सगळ्यांना वाटलं ध्रुव येणार, नाही तर प्रल्हाद. बाईंनी टाळ थांबवला आणि म्हणाल्या, "ऐका मंडळी, इथून अर्ध्या तासावर एझ्रा नावाचा एक रटाळ पाद्री राहत होता."

सभागृहात हशा झाला तो थांबेचना. त्यांनी पाद्र्याचं नाकात बोलणं काढलं, स्कंकचा वास आल्यावर पळणारी मंडळी काढली. अकरा पोरं कडेवर घेऊन भाकऱ्या थापणारी हॅना तर अशी उभी केली की पुढच्या रांगेतल्या बायका डोळे पुसत हसत होत्या. मग त्यांनी आवाज खाली आणला. "गोठ्यात कोण आलं? त्याचं नाव कोणी लिहून ठेवलं नाही. मीही त्याला मनानं नाव देणार नाही. त्याचं होतं, ते त्याच्यापाशी होतं." शेतकरी उठला. पोटभर जेवायला मिळतं हो. बाईंनी टाळ एकदाच वाजवला. "विचारलंत?" डोक्यावर छप्पर आहे. टाळ. "विचारलंत?" तिसऱ्या वेळेला अख्खं सभागृह त्यांच्याबरोबर म्हणालं. वडिलांच्या मागे उभं राहून इतकी वर्षं जे पाठीकडून पाहिलं होतं, ते आज त्यांना समोरून दिसत होतं.

कीर्तन संपलं तेव्हा लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते, स्वेटरातले तरुण तर शिट्ट्या मारत होते. कार्यक्रमाला पैसे देणारा, भारतातून पोरं आणून कंपन्यांना पुरवणाऱ्या एका कन्सल्टन्सीचा मालक तेवढा बसून राहिला. तो विवेकला म्हणाला, या बाईंना कोणी बोलावलं? त्याच्याकडे कामाला असलेली चार पोरं मात्र येऊन बाईंच्या पाया पडली. एका सुनेनं येऊन कानात सांगितलं, "काकू, हे माझ्या सासूबाईंसाठीच होतं." तिच्या सासूबाईंनीही येऊन तेच सांगितलं, सुनेबद्दल. पाद्र्यानं दीडशे वर्षांपूर्वी शिवलेली टोपी जो तो आपापल्या डोक्यावर बसवून बघत होता.

गाडीत बसल्यावर यशोधन गहिवरला होता. "आई, तू आज आमचं दुःख मांडलंस. सहा वर्षं ग्रीन कार्डच्या लाइनीत आहे मी. कंपनी सोडता येत नाही, बॉसला उलट बोलता येत नाही. कुणी विचारतं का आम्हाला? किती बरोब्बर बोललीस."

प्रतिमाबाई खिडकीतून बर्फाकडे बघत होत्या. एवढा घसा फोडला, पेटीवाला दमला, आणि पोटच्या पोराला कळलं काय, तर कंपनी. त्यांना रडू आलं आणि त्याच्या आधी राग आला.

"मेल्या, मी माझ्याबद्दल बोलत होते," त्या म्हणाल्या. "मला घरी जायचंय. रामनवमीला कारंज्याला माझं कीर्तन आहे. जन्मभर मी त्या जागेची वाट बघितलीय. तू मला विचारलं नाहीस. सही घेतलीस, विचारलं नाहीस."

मागच्या सीटवर शिवांगी झोपली होती. यशोधन म्हणाला, "मग तू बोलली का नाहीस?"

"नाही बोलले. चूक माझीही आहे. आता बोलतेय."

सगळ्यात आधी ज्ञानदाच बोलली. "आई, तुम्ही जा," ती म्हणाली. "माझं मी बघते काहीतरी. मला एवढं माहीत असतं तर मी तिकीट पुढे ढकलूच दिलं नसतं." मग ती खिडकीकडे तोंड करून रडली. बाईंनी पुढे वाकून तिच्या खांद्यावर हात ठेवला आणि तो घर येईपर्यंत काढला नाही.

घरी आल्यावर चहा झाला, शिवांगी उठली, आणि यशोधननं टेबलावर थाप मारली. त्याला तोडगा सापडला होता. "सोप्पं आहे. आई, तू जा मार्चमध्ये. आपण अहिल्याआत्याला बोलावू सहा महिने. तिला काय, ती मोकळीच असते."

"हो की," पंत सोफ्यावरून म्हणाले. "अहिल्या आहे ना."

"हो, वन्सं येतील की," बाईही म्हणाल्या. छातीवरचा धोंडा असा उतरला होता की शब्द आपसूक बाहेर पडले. "त्या कधी नाही म्हणाल्यात? शिवांगीलाही माया लावतील. त्यांना अमेरिका बघायला मिळेल, गरम पाणी..."

आणि त्या थांबल्या. टाळ वाजल्यासारखं काहीतरी कानात झालं. मायाळू आहेत, घरच्यासारखं वागवतात, डोक्यावर छप्पर आहे. चर्चमध्ये उठून बोलणारा तो बडा शेतकरी नागपूरहून आला होता आणि त्यानं नेपरव्हिलच्या स्वयंपाकघरात चहाचा कप हातात धरला होता. वन्संमुळे आपल्याला नोकरी करता आली. पोराला त्यांनी वाढवलं. आपण त्यांना काय काय दिलं ते सगळं बाईंना आठवत होतं. एकदा तरी विचारलं होतं का, ते आठवेना.

"फोनचं कार्ड दे," त्या यशोधनला म्हणाल्या.

नागपुरात सकाळ झाली होती. अहिल्यानं फोन उचलला तेव्हा मागे कुकरची शिट्टी होत होती. बाईंनी एका दमात सगळं सांगितलं. ज्ञानदाचा प्रोजेक्ट, तिच्या आईचा गुडघा, रामनवमी. मग म्हणाल्या, "वन्सं, तुम्ही इकडे याल का सहा महिने? शिवांगीला सांभाळायला?"

अहिल्यानं तिकडे गॅस बंद केला आणि कुकरचा आवाज थांबला. बाईंना वाटलं, कार्डातले पैसे संपले.

"वहिनी," अहिल्या म्हणाली, "तू मला विचारतेयस?"

"हो."

"म्हणजे नाही म्हटलं तरी चालेल?"

बाईंनी यशोधनकडे पाहिलं, ज्ञानदाकडे पाहिलं. दोघंही त्यांच्या तोंडाकडे बघत होते. आता हो म्हणाल्या तर घराचं सगळं गणित बिघडणार होतं, आणि कदाचित त्यांचं विमानसुद्धा.

"चालेल," त्या म्हणाल्या.

"मग नाही," अहिल्या म्हणाली. तिचा आवाज बाईंनी असा कधी ऐकला नव्हता. जरा घाबरलेला, जरा हसरा. "मला तिकडे यायचं नाही. आणि रामनवमीला मी कारंज्याला येणार आहे. स्वयंपाकाला नाही. पहिल्या रांगेत बसून ऐकायला. घराला कुलूप लावून येणार."

ज्ञानदा हळूच म्हणाली, "चर्चची नर्सरी फुल डेपण घेते. मी उद्या डॉरथीशी बोलते." यशोधननं मान हलवली आणि शिवांगीला मांडीवर घेतलं.

कुलपाचं मात्र पंतांच्या कानापर्यंत बरोबर पोचलं होतं. ते पहिल्यांदाच टीव्हीचा आवाज बंद करून उठले. "कुलूप? म्हणजे काय? मग घर कोण बघणार?"

प्रतिमाबाईंनी फोन त्यांच्यापुढे धरला. "तिला विचारा."

पंतांनी तो कानाला लावला, "अहिल्ये" म्हणाले, पुन्हा म्हणाले. पण तिनं फोन कधीच ठेवून दिला होता.